इस्तारी पडद्यावर

"यंदा कंपनीत जाऊन नाई राह्यले काय?" मासे साफ करता करता ताराबाईने नवऱ्याला विचारले.

"नाई. धनराजले सांगून टाकलो. आता आपन सिनेमात," असे म्हणून इस्तारी आरशापुढे मिशी पिळत बसला.

धनराजच्या नाटक कंपनीत तो कायमचा खलनायक. दिवाळीनंतर झाडीपट्टीत गावोगाव नाटके लागत आणि इस्तारी सावकार होऊन पोरीबाळींना असा छळे, की अहेरीच्या बाजारात बाया त्याला तोंडावर शिव्या घालत. त्या दिवशी स्वारी दोन घास जास्त जेवत असे.

आता झाडीबोलीत सिनेमा निघत होता आणि त्यातही सावकार इस्तारीच होता. चित्रीकरण गावातच. सावकार नायिकेला दरडावतो आणि सारा गाव मागे उभा राहून बघतो, असा प्रसंग. पण इस्तारीने पहिले वाक्य उच्चारले ते गर्रकन वळून, गावाकडे तोंड करून.

"इस्तारीभाऊ, कॅमेरा इकडं आहे!" दिग्दर्शक ओरडले.

"साहेब, मानसं तिकडं उभी, अन् मी यंत्राले बोलू काय?"

दिग्दर्शकांनी समजावले, हात जोडले. इस्तारी कबूल होई. पण आवाज चढला की मान आपोआप गावाकडे फिरे. वर गावकरी शिट्ट्या मारत, त्यामुळे त्याला आणखी चेव येई. शेवटी उजेड गेला आणि दिग्दर्शकांनी कपाळाला हात लावून सामान आवरले.

सिनेमा तयार झाला तेव्हा तो गावच्या शाळेच्या खोलीत दाखवला. इस्तारी नवे धोतर नेसून पहिल्या रांगेत बसला.

"हे पाय, आपला मुखरू!" मागून गावकरी पडद्याकडे बोट दाखवत ओरडू लागले.

"केसरबाई कशी डोळे फाडून पाहून राह्यली!"

सारा गाव पडद्यावर झळकला. इस्तारीची तेवढी पाठ दिसली.

"तुमी कवा येता?" ताराबाईने हळूच विचारले. इस्तारीला फार वाईट वाटले.

दुसऱ्या दिवशी मान खाली घालून तो धनराजकडे गेला. धनराजने चहा पाजला आणि हळहळत सांगितले, "तुमच्या जागी दुसरा घेतलो ना भाऊ. लोकायले आवडला तो."

नाटक हातचे गेले. सिनेमा मात्र सुटला नाही. महिन्याभराने दिग्दर्शकांचा फोन आला. पाठमोरा सावकार म्हणे लोकांना भलताच भयानक वाटला होता. पुढच्या सिनेमातही त्याने फक्त पाठ दाखवायची होती. इस्तारीने तोही सिनेमा केला आणि त्याच्या पुढचाही. घरी बसून दुसरे काय करणार?

परवा अहेरीच्या बाजारात तो सुकट निवडत वाकला होता. मागून एक बाई कडाडली, "अवो, हा तर सिनेमातला सावकार! मुडद्या, त्या गरीब पोरीले काऊन रडवलास रे?"

किती दिवसांनी कानी पडलेली शिवी! इस्तारीचे डोळे भरून आले. तो मिशी सावरत ऐटीत वळला.

बाईने त्याचे तोंड नीट न्याहाळले आणि ओशाळून पदर सावरला.

"माफ करजा भाऊ, मले वाटलं तोच आहे."