जिवलीबाईनं तोंड शिवलं

सुगंधा तलाठ्याच्या परीक्षेत पास झाली ही बातमी पाड्यावर आली, तेव्हा जिवलीबाईच्या तव्यावरची नागलीची भाकर करपली. तिनं ती तशीच नवऱ्याला वाढली. तो शहाणा, मुकाट्यानं खाल्ली. सुगंधा म्हणजे धाकट्या जावेची, चंद्रीची पोरगी. त्याच परीक्षेला जिवलीचा देविदासही बसला होता. नुसता बसलाच होता.

आता पाड्यावर लग्न निघालं की पहिली खुर्ची चंद्रीला. जिला भाकर थापायला जिवलीनं शिकवलं, त्या चंद्रीला. या विचारानं जिवलीच्या पोटात जे दुखायला लागलं, ते कुठल्याच झाडपाल्यानं थांबेना.

पण खुर्ची अजून लांब होती. नोकरी आदिवासींच्या राखीव जागेवरची, घराणं कोकणा जमातीचं, आणि आडनाव देशमुख. "कोकणा आणि देशमुख?" असं वर तालुक्यापर्यंत विचारून झालं होतं. म्हणून तपासणी समितीचे साहेब घरी येणार होते. घरच्या रीतीभाती विचारणार, पटलं तर नोकरी राहणार, नाहीतर पोरगी परत घरी.

"बाई, साहेब तुम्हालाही विचारतील हो," चंद्री कुंपणावरून म्हणाली. "सुगंधा लहानपणापासून नाशकाला वसतिगृहात. तिला काय ठाऊक? आणि मी घाबरले की मला माझं नाव आठवत नाही."

"मी अडाणी बाई. मला कशाला विचारतील?"

खोटं बोलायचं नाही, हे जिवलीनं ठरवलंच होतं. देव बघतो. पण तोंड शिवून बसायला कुठल्या देवाची ना आहे?

साहेब आले, चंद्रीच्या ओट्यावर बसले. जिवली अंगणात सूप घेऊन उडीद पाखडत बसली. म्हणजे ऐकत बसली.

"कणसरी ही धान्याची देवता असून..." सुगंधानं सुरुवात केली.

"हे मोबाइलवरचं झालं," साहेब म्हणाले. "तुमच्या घरात काय करतात ते सांग."

पोरगी आईकडे बघायला लागली. साहेब चंद्रीकडे वळले. "नवं धान्य आलं की काय करता?"

"शिजवतो की, साहेब. पोरं आधी खातात. उरलं तर कणसरीला."

सूप थांबलं. उरलं तर? जिवलीनं दात आवळले.

"आणि वाघबारशीला?"

"आम्ही बाया जातो वाघदेवाला. हळदीकुंकू करतो."

उडीद अंगणभर झाले. कोंबड्यांची चैन झाली. जिवलीनं पदराचं टोक तोंडात कोंबलं, पण बोलली नाही.

साहेबांनी पेनाला टोपण लावलं. सुगंधाचा चेहरा उतरला. जिवलीचं पोट कितीतरी दिवसांनी दुखायचं थांबलं.

"एवढंच सांगा," साहेब उठता उठता म्हणाले. "लग्नात गाणी कोण म्हणतं?"

चंद्रीनं पदर सावरला. "मीच. सगळ्या पाड्यावर मलाच बोलावतात."

"तू?" अंगणातून आवाज आला.

जिवली उभी राहिली. "साहेब, हिनं तोंड उघडलं की कोंबड्या झाडावर चढतात. माझ्याशिवाय इथं लागलेलं एक लग्न दाखवा. आणि नवं आधी कणसरीला, मग पितरांना, मग माणसांना. वाघदेवाला गुराखी जातात. हळदीकुंकू म्हणे. वाघ काय सवाष्ण आहे?"

साहेबांनी टोपण काढलं.

मग जिवली थांबेना. बाळंतपणाची रीत सांगून झाली, मयताची झाली, डोंगऱ्यादेवाच्या उत्सवाची झाली. हळदीचं गाणं तर तिनं उभ्यानं म्हटलं. त्यात नवरदेवाच्या मामाला शिव्या द्यायच्या असतात. मामा नव्हता, म्हणून तिनं साहेबांनाच घातलं. लिहिता लिहिता साहेबांचे कान लाल झाले.

"बाई, तुम्ही या मुलीच्या कोण?"

कोणी नाही, असं म्हणता आलं असतं. निकालाची बातमी आल्यापासून ती मनात तेच म्हणत होती. पण मग हे गाणं, ही रीत, सगळं दुसऱ्याच कुणाच्या घरचं ठरलं असतं.

"कोण म्हणजे? मोठी आई. हिची नाळ मी पुरलीय, त्या आंब्याखाली. देव एक, पितर एक."

"झालं माझं काम," साहेब म्हणाले. "याहून जास्त पुरावा काय असतो?"

जीप गेली. सुगंधा पाया पडायला वाकली.

"राहू दे. देविदासाची चौकशी असती तर याहून बरं गायले असते."

दिवस मावळताना जिवली चुलीपुढं बसली होती. कुंपणापलीकडून हळदीचं गाणं ऐकू आलं. गळा चंद्रीचा. सूर जिथल्या तिथं, तिसऱ्या कडव्यातलं अवघड वळणसुद्धा नेमकं घेतलेलं. एकही कोंबडी झाडावर चढली नाही. आणि मामाच्या जागी चंद्रीनं मोठ्या जावेला घातलं होतं.

जिवली तरातरा कुंपणापाशी गेली.

"चुकलीस."

"कुठं, बाई? साहेबांपुढं चुकले तशीच का?" चंद्रीनं अगदी गरिबीनं विचारलं.

जिवलीनं गाणं मनात पुन्हा पहिल्यापासून म्हणून पाहिलं. चूक कुठं सापडेना. मागं तव्यावरची भाकर तेवढी करपली.