ताकेओपंत जपानकर यांची निमोण्यावरील स्वारी

श्रीगजाननास वंदन करून आणि मोबाइल सायलेंट ठेवून ही हकीकत लिहिली असे. ऐसी जे, शिरूर तालुकियांत मौजे निमोणे येथील मातब्बर बागाइतदार बापूसाहेब यांचे माडीवर ताकेओपंत जपानकर भाड्याने मुक्काम करून होते. पंत म्हणजे मारामारीच्या चित्रकथांचे नामांकित सरदार. तलवारी, लाथा आणि उडती माणसे यांवर त्यांनी हयात काढिली. परंतु त्यांचा नायक इतका अजिंक्य जाहला की वाचकांस जांभया येऊ लागल्या, आणि मग तोक्योहून संपादकांचे फर्मान आले की, नायकांत जीव आणावा, नाहीतर मालिका बंद. पंतांचे तोंडचे पाणी पळाले, आणि ते नवी कल्पना शोधीत इकडील मुलखांत उतरले. कल्पना गवसेना, ताटांत गवार मात्र नित्य गवसे.

इतक्यांत बापूसाहेबांचा वाढदिवस आला. फ्लेक्सावाचून वाढदिवस म्हणजे मिठावाचून पिठले, आणि घरांत तर खासा चित्रकार; मग हुकूम जाहला की, आम्ही माजलेला खोंड जेर केला तो पराक्रम रेखाटावा. पंतांनी झोप वर्ज्य करून चार चौकटी सजविल्या: बापूसाहेब चिखलांत पडले, मग उठले, मग शिंगांस झोंबले, आणि अखेर खोंडावर स्वार जाहले. फ्लेक्स एसटी स्टँडावर चढला, ताशे वाजले, आणि घात जाहला.

जपानांत चित्रकथा उजवीकडून वाचितात, पंतांनी तैसीच मांडिली. निमोणे डावीकडून वाचते. सबब गावाने पाहिले ते ऐसे की, बापूसाहेब खोंडावर स्वार, मग शिंगांस लोंबकळते, मग गुडघ्यांवर, आणि शेवटी चिखलांत पालथे. खाली ठळक अक्षरांत हार्दिक शुभेच्छा.

गाव हसून लोळले. बापूसाहेबांचे फर्मान सुटले की, माडी आजच खाली करावी. पंत कमरेंत वाकवाकून माफी मागते जाहले. मालिका जाण्याचे बेतांत होतीच, आता डोईवरचे छप्परही चालले. तों बापूसाहेबांचे कुटुंब कस्तुराबाईसाहेब पदर खोचून पुढे आल्या.

"अवो, त्येंला कशाला बोलताय? आसंच तर झालं हुतं. चिखलाची कापडं म्याच धुतली न्हवं?"

बापूसाहेबांनी मिशी चाचपली, इकडेतिकडे पाहिले, आणि खोखो हसत सुटले. "व्हय. पर आदी चढलो हुतो, ह्ये बी ध्यानात ठिवा."

पंतांचे डोक्यांत लख्ख उजेड पडला. पडणारा, आणि पडून वर हसणारा नायक त्यांनी जन्मांत काढिला नव्हता. मग त्याच चौकटी उलट क्रमाने लाविल्या, जेणेंकरून जपानी वाचकास चिखल शेवटी लागावा, आणि पान तोक्योस रवाना केले. संपादक हसता हसता खुर्चीवरून घसरले, आणि मालिका बहाल जाहली.

छापील अंक निमोण्यास दाखल होतांच गावाने रिवाजाप्रमाणे डावीकडून वाचिला, तों बापूसाहेब चिखलांतून उठून खोंडावर स्वार! मग गुलाल उधळला, पंतांस फेटा बांधिला, आणि माडी कायम जाहली. ऐसी एकाच पानावर तोक्यो व निमोणे उभय ठिकाणी फत्ते जाहली, हे दफ्तरी दाखल असे.

कस्तुराबाईसाहेब तेवढ्या तो अंक उजवीकडून वाचितात, आणि तोंडास पदर लावितात.