सोनकांबळे काकांची परमनंट लेक

सकाळी सात वाजता बेल वाजली. दार उघडलं, तर समोरच्या माणसाने नमस्कार नाही, चमत्कार नाही, एकदम विचारलं, "मॅडम, माणसानं कुत्रं पाळलं तर पहिल्यांदा काय करायचं?"

माझे हात कणकेत, गॅसवर दूध, शाळेची बस पावणेआठची. मी म्हटलं, "बांधून ठेवायचं."

"चूक!" ते इतक्या आनंदाने ओरडले की वरच्या मजल्यावरचं दार उघडलं. "सरकारात नोंद करायची. आन् टॅक्स भरायचा. कुत्र्याचा टॅक्स! मी तर हादरलो मॅडम."

हे सोनकांबळे काका. चऱ्होलीतल्या आमच्या सोसायटीत अगदी समोरच्या दारात राहतात. मूळचे लातूरकडचे, चाकणच्या एका गाड्यांच्या कंपनीतून लाइन सुपरवायझर म्हणून रिटायर झालेले. काकू चार वर्षांपूर्वी गेल्या. एकुलती एक लेक प्रज्ञा जर्मनीत नर्स आहे. तिथलं नागरिक व्हायचं तर परीक्षा द्यावी लागते. त्यांचे कायदे, त्यांचा इतिहास, शेजाऱ्यांशी वागायचं कसं, असे तीनशेच्या वर प्रश्न. परीक्षा होती प्रज्ञाची आणि अभ्यास चालला होता काकांचा. ती प्रश्नांचं मराठी करून पाठवायची, काका ते वहीत उतरवून घ्यायचे आणि संध्याकाळी तिची ड्यूटी संपली की व्हिडिओवर तिची उजळणी घ्यायचे. मी आठवीला नागरिकशास्त्र शिकवते हा माझा गुन्हा. त्यामुळे तिला विचारण्याआधी प्रत्येक प्रश्नाची ट्रायल माझ्यावर व्हायची.

हादरायला काकांना फार काही लागत नसे. पोर जन्माला आलं की सरकार आईबापांना दर महिन्याला पैसे देतं, हे ऐकून ते हादरले. पोर आजारी पडलं तर बापाला पगारी सुट्टी मिळते, हे ऐकून तर खुर्चीतून उठलेच. "आमच्यात माणूस स्वतः तापानं फणफणला तरी सुपरवायझर विचारायचा, किती ताप हाय ते सांग." मग थोडं थांबून, जरा खाली बघत, "म्हंजे मीच विचारायचो."

सगळ्यात मोठा हादरा एका वेगळ्याच प्रश्नाने दिला. बावीस वर्षांची मुलगी मित्राबरोबर राहते, आईबापांना पसंत नाही, तर त्यांनी काय करावं? काकांनी चारही पर्याय तीनतीनदा वाचले. मुलीच्या निर्णयाचा मान राखावा, हे उत्तर बरोबर आहे असं मी सांगितल्यावर ते दोन दिवस माझ्याशी नीट बोलले नाहीत. जणू तो कायदा मीच केला होता. वास्तविक प्रज्ञाने केरळच्या मुलाशी लग्न केलं तेव्हा याच काकांनी सोसायटीभर लाडू वाटले होते. जावई परप्रांतीय, परधर्मीय, त्याचं त्यांना काही नव्हतं. हादरले होते ते वेगळ्याच गोष्टीने. "जावई बी नर्स हाय मॅडम! पुरुष माणूस! आन् लई चांगला नर्स हाय म्हणं."

हळूहळू जर्मनी आमच्या सोसायटीत उतरली. दुपारी एक ते तीन शांतता, ड्रिल चालवायचं नाही, अशी सूचना लिफ्टपाशी लागली. कचऱ्याचे चार डबे आले. वॉचमनला कोणत्या रंगात काय टाकायचं ते कळेना, तेव्हा काकांनी त्याला कंपनीतल्यासारखं उभं करून ट्रेनिंग दिलं. आणि मग निघाला, जर्मनीत बाहेरून आलेल्यांसाठी असतो तसा, भाडेकरूंसाठी एकात्मता कोर्स.

आमच्याकडे भाडेकरू म्हणजे कोण, तर झारखंडचा वेल्डर, ओडिशाची दोन मुलं, नांदेडचं एक जोडपं. काकांनी रविवारी त्यांना पार्किंगमध्ये बसवलं आणि वीस प्रश्नांचा पेपर काढला. टँकर कधी येतो? दुसऱ्याच्या जागेत गाडी लावली तर आधी काय करायचं, शिवी द्यायची की बेल वाजवायची? चाकणच्या चौकातून सहाच्या शिफ्टला पोचायचं तर घरून किती वाजता निघायचं? वेल्डरला वीसपैकी सतरा मिळाले. सोसायटीच्या चेअरमनना अकरा. चेअरमन मधेच येऊन हौसेने बसले होते, ते चिडून गेले. वेल्डरला काकांनी सहीशिक्क्याचं सर्टिफिकेट दिलं. शिक्का कुठून आणला ते मी विचारलं नाही.

"एवढा आटापिटा कशासाठी काका?" मी एकदा वैतागून विचारलं. "परीक्षा ती देणार आहे. तुम्ही तर तिथे जाणार नाही."

"अवो, पोरगी परमनंट व्हायलीय!" ते म्हणाले.

हे 'परमनंट' नीट समजून घ्यायला हवं, कारण पुढचा सगळा घोटाळा त्यातच आहे. आमच्या या पट्ट्यात माणसाचे दोनच प्रकार, टेम्पररी आणि परमनंट. टेम्पररीला सात महिने काम, मग ब्रेक, मग पुन्हा गेटवर रांग. त्याला मुलगी देताना लोक विचार करतात, खोली देताना मालक विचार करतो. काका चाकणजवळ कुरुळीत पत्र्याच्या खोलीत राहून बारा वर्षं टेम्पररी होते. त्यानंतर परमनंट झाले, घर झालं, पोरगी शिकली. त्यामुळे जर्मनीचं नागरिकत्व त्यांनी या एकाच शब्दात बसवलं होतं. इतके दिवस ती टेम्पररी होती, आता परमनंट होणार. त्यात वाईट काय असणार?

प्रज्ञा पास झाली. अर्ज गेला, बरेच महिने गेले आणि एक दिवस पत्र आलं की अमुक मंगळवारी येऊन शपथ घ्या, कागद घेऊन जा. काका किलोभर पेढे घेऊन निघाले. पहिला मान माझा.

आणि मी, वीस वर्षं नागरिकशास्त्र शिकवणारी शहाणी, पेढा तोंडात टाकता टाकता म्हणून गेले, "वा! मग आता तिला आपला पासपोर्ट परत करावा लागेल ना?"

"कोणता पासपोर्ट?"

"भारताचा. ती आता भारताची नागरिक राहणार नाही ना काका."

"का? जर्मनीवाले हरकत घ्यायलेत का?"

"त्यांची हरकत नाही. दोन्ही ठेवलं तरी त्यांना चालतं."

"मग कुणाची हरकत हाय?"

"आपली," मी म्हटलं. "आपल्याकडे दोन नागरिकत्वं चालत नाहीत."

इतके दिवस ते हादरायचे तेव्हा हात उडायचे, आवाज चढायचा. या वेळी काहीच झालं नाही. पेढ्यांचा खोका हातात तिरका झाला, दोन पेढे खाली पडले, ते त्यांना दिसलेही नाहीत. मला माझी जीभ चावावीशी वाटली.

"म्हंजे तिथं परमनंट व्हायचं," ते अगदी हळू म्हणाले, "तर इथला राजीनामा द्यायचा."

"तसंच काही..."

"न्हाई, बरोबर हाय. दोन कंपन्यांत एकदम परमनंट कोण ठेवून घेतंय? एवढं मला कळाया पायजे व्हतं. सगळे प्रश्न पाठ केले. हा कसा काय सुटला?"

पेढे पुढच्या घरी गेलेच नाहीत. त्यानंतर तीन दिवस सकाळची बेल वाजली नाही. मी सातला आपोआप दाराकडे बघायची आणि स्वतःवरच चिडायची. चौथ्या दिवशी शाळेत मधल्या सुट्टीत प्रज्ञाचा फोन आला.

"काकू, बाबा फोन उचलत नाहीयेत. कळलं ना त्यांना?"

"माझ्याच तोंडून कळलं गं," मी म्हटलं. "तू का नाही सांगितलंस?"

"रोज ठरवायचे. पण ते इतक्या हौसेने प्रश्न विचारायचे ना." मग ती म्हणाली, "मी मंगळवारी जात नाही. त्यांना सांगा, कॅन्सल केलं. एक कागद नसला म्हणून काही मरत नाही मी."

"मग एवढी वर्षं धडपडलीस कशाला?"

"आमच्या वॉर्डात एक आजोबा आहेत. फार गोड. रोज सकाळी मी इंजेक्शन द्यायला गेले की हसून विचारतात, सिस्टर, घरी परत कधी जाणार? सात वर्षं वेगवेगळे पेशंट हेच विचारतायत, काकू. कुणी वाईट मनाने विचारत नाही. माझी मुलगी इथे जन्मली, तिलाही बागेत विचारतात. मला एकदा सांगायचं होतं की मी इथलीच आहे, कुठे जायची नाहीये."

संध्याकाळी मी काकांची बेल वाजवली. ते सदऱ्याला इस्त्री करत होते. कुठे जायचं नव्हतं, तरी एकामागून एक सदरे चालले होते. मी सगळं सांगितलं, शब्दाला शब्द, आजोबांसकट.

त्यांनी इस्त्री उभी ठेवली. "रोज विचारतो?"

"रोज."

"हसून?"

"हो."

"मला बी हसूनच विचारायचे," काका म्हणाले. "हजेरीच्या वेळी. सोनकांबळे, तुझा ब्रेक कधी हाय रे? बारा वर्षं. मस्करीच करायचे बिचारे, त्यांच्या मनात काय नव्हतं. पर रोज हातपाय गार पडायचे माझे. हिच्या आईला सुद्धा मी हे कधी बोललो न्हाई." त्यांचा चेहरा असा झाला होता की मला तिथे उभं राहवेना. "आन् माझ्या पोरीला तसंच विचारायलेत व्हय? सात वर्षं?"

त्यांनी फोन लावला. प्रज्ञा पडद्यावर आली, "बाबा" म्हणाली आणि रडायला लागली. काकांनी कारखान्यातला, शॉप फ्लोअरवरचा आवाज काढला.

"रडायचं काम न्हाई. मंगळवारी रिपोर्टिंग किती वाजता हाय?"

"दहा. पण बाबा..."

"साडेनवाला हजर व्हायचं. ओरिजिनल कागद एका फाइलीत, झेरॉक्स दुसऱ्या. जावयाला आन् पोरीला संगं न्यायचं. आन् काय लिवलंय ते सगळं वाचून सही करायची." मग आवाज जरा फुटला, म्हणून त्यांनी घाईने फोन ठेवला आणि उरलेल्या सदऱ्याला इतकी इस्त्री केली की कॉलरला चकाकी आली.

मंगळवारी ती गेली. शपथेचा फोटो आला. जर्मन साहेबाशेजारी प्रज्ञा, पांढरी साडी, कडेवर मुलगी. काकांनी तो फोटो सगळ्यांना दाखवला, झारखंडच्या वेल्डरला दोनदा. पेढे मात्र मीच वाटले.

परवा काका कागद घेऊन आले. प्रज्ञा चौदा एप्रिलच्या जयंतीला येणार आहे, आणि या वेळी तिला यायला व्हिसा लागणार आहे. अर्जातला इथल्या माहितीचा भाग तिने भरायला पाठवला होता. इंग्रजी फॉर्म, म्हणून माझ्याकडे.

"हा कसला रकाना हाय?" त्यांनी बोट ठेवलं.

मी वाचलं. कसं सांगावं कळेना. "भारतात ओळखीचं कोण आहे, ते विचारलंय. नाव आणि पत्ता."

"ओळखीचं," काका म्हणाले. मग शर्टाची बाही सारखी करत ताठ बसले. "लिवा. दिगंबर तुकाराम सोनकांबळे. नीट अक्षरात लिवा, तिथल्या साहेबाला वाचता आलं पायजे."

मी लिहिलं. पत्ता लिहिला. फोन नंबर त्यांनी दोनदा सांगितला.

"किती दिवस ऱ्हाणार, ते कुठं लिवलंय?"

"इथे. तिने तीन आठवडे टाकलेत."

"तेवढेच देतात का?"

"नाही काका. जास्त मागता येतात."

ते दाराकडे गेले, चपला घातल्या, आणि माझ्याकडे पाठ करूनच म्हणाले, "मग जास्तीत जास्त देतात तेवढे लिवा. तिला सांगू नका."