पाठीवरचे पंजे

"अख्ख्या अथेन्समध्ये बायकोवर माझ्याइतकं बारीक लक्ष कुणाचं नाही!" थ्रासिलोस छाती फुगवून सांगायचा. खरंच नव्हतं हो! शेजारच्या नौसिक्लिसचा आवाज भारदस्त आहे, असं फिलिन्ना एकदा, फक्त एकदा म्हणाली, तेव्हापासून हा मेला नुसता जळत होता. नौसिक्लिस सभेत तह म्हणाला, की याचा हात लढाईसाठी वर. तो लढाई म्हणाला, की याला तह हवा!

सभेच्या दिवशी पुरुष टेकडीवर आणि बायका घरी एकट्या. थ्रासिलोस बाजारापर्यंत गेला आणि घरी एकटी असलेली बायको आठवून मागे वळला. तिथे शिपाई लाल रंगात भिजवलेला दोर ताणून रेंगाळणाऱ्यांना सभेकडे हाकत होते. ज्याच्या कपड्याला रंग, त्याला दंड! हा दोराखालून निसटला तो थेट घरी.

"काठी विसरलो," म्हणत खाटेखाली डोकावला.

"अहो, काठी हातातच आहे तुमच्या! जा बघू, उशीर होतोय!" फिलिन्नाने दोन्ही हातांनी ढकलत त्याला दाराबाहेर काढलं.

दुपारी परतला, तर फिलिन्ना हात घासत बसलेली. तळवे लालभडक!

"हा रंग कुठून आला?"

"मला काय माहीत! कधीची घासतेय, जात नाही."

"मला माहीत आहे! दोराचा रंग आहे हा! सभा चुकवून कुणीतरी इथे आला होता!" तो गल्लीत जाऊन ओरडला, "नौसिक्लिस, बाहेर ये! हिला आज हुंड्यासकट बापाकडे धाडतो!"

गल्ली गोळा झाली. नौसिक्लिस ऑलिव्ह चघळत आला. अंगावर डाग नाही.

"पहाटेपासून पहिल्या रांगेत होतो मी. तू रे?" म्हणत त्याने थ्रासिलोसला गर्रकन फिरवलं. पाठीवर हा एवढा लाल पट्टा, आणि त्यात पंजे!

फिलिन्नाने आपले हात त्यावर ठेवले. बरोब्बर बसले. "सकाळी मीच ढकललं होतं यांना!"

लोक पोट धरून हसले. "चुकलो गं बाई," थ्रासिलोस रडवेला झाला, "कुठे जाऊ नकोस!"

फिलिन्नाही हसणार होती, पण ती एकदम वाकून त्याची पाठ निरखू लागली.

"दोन पंजे माझे. हा तिसरा, नाजूक बोटांचा, कुणाचा?"

"झ्यूसची शपथ, मला माहीत नाही! गर्दी होती गं!"

"असं? मग गल्लीतली एकेक बाई बोलवा. हात जुळवून बघते!"

हसणं थांबलं. गल्लीतला प्रत्येक नवरा आपापल्या बायकोचे तळवे बघायला घराकडे पळत सुटला. सगळ्यांत पुढे नौसिक्लिस!