डावीकडची दोन चाकं

डॉक्टरबाईंच्या गाडीची डावीकडची दोन्ही चाकं वाकली ती एका सफरचंदामुळे. बाई दातांच्या डॉक्टर. सकाळी दवाखान्यात जाताना त्यांना बसथांब्यापाशी त्यांचे एक पेशंट दिसले, एक निवृत्त न्यायाधीश. या गृहस्थांनी कितीतरी दिवस पातळ लापशीवर काढले होते आणि मध्यंतरी बाईंनी त्यांना नवी कवळी करून दिली होती. आज ते भर रस्त्यात उभे राहून अख्खं सफरचंद, न चिरता, न सोलता, कराकरा चावून खात होते. बाईंनी आयुष्यात कवळ्या काही कमी केल्या नव्हत्या, पण अशी उघड्यावर कामाला लागलेली कवळी त्यांनी कधी पाहिली नव्हती. आपण मेणाची आणि प्लास्टरची खटपट करतो आणि त्यातून शेवटी हे निघतं, या विचाराने त्यांना भरून आलं. त्या बघतच राहिल्या. रस्ता वळला, त्या वळल्या नाहीत. फुटपाथच्या दगडी कडेवर आधी पुढचं चाक आदळलं, मग मागचं, आणि दुसरा आवाज इतका मोठा झाला की न्यायाधीशांनी सफरचंद तोंडातून बाहेर काढलं.

गाडी छोटीशी, मागून उघडणारी, आणि म्हातारी. तशी गाडी बनवणं कंपनीने कधीच बंद केलं होतं. पण खरी अडचण ती नव्हती. खरी अडचण ही की गाडी बाईंच्या वडिलांची होती.

बाबांनी सगळी हयात छापखान्यात प्रुफं तपासण्यात घालवली होती. चूक शोधायची सवय त्यांच्या अंगात इतकी मुरली होती की लग्नाच्या पंगतीत बसले तरी ते आधी समोरच्या रांगेतली वाकडी खुर्ची शोधत. डोळ्यांत मोतीबिंदू उतरला तेव्हा त्यांनी गाडी लेकीकडे दिली, पण देताना बजावून सांगितलं, की चालवायला दिलीय, दिलेली नाही. त्यानंतर लेक भेटायला आली की ते आधी खाली उतरून गाडीभोवती एक फेरी घालत. नीट दिसेना तेव्हा हाताने चाचपत. आता त्यांच्या दोन्ही डोळ्यांची ऑपरेशनं झाली होती. ते हॉस्पिटलच्या मागेच राहणाऱ्या बहिणीकडे काळा चष्मा लावून बसले होते. रविवारी डॉक्टर तपासणार, चष्मा उतरवणार आणि लेक त्यांना त्याच गाडीतून घरी नेणार, असं ठरलं होतं. फोनवर ते म्हणाले होते, “आधी गाडी बघीन, मग तुमची तोंडं.”

त्यामुळे रविवारच्या आत चाकं हवी होती, आणि तीही हुबेहूब जुन्यासारखी दिसणारी.

बाईंचे यजमान कॉलेजात इतिहास शिकवायचे. त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि यात एवढं घाबरण्यासारखं काही नाही असं सांगितलं. जुन्या चाकाला मधे एक मोठं भोक होतं, भोवती चार लहान भोकं होती आणि वर फुलाच्या पाकळ्यांसारखी नक्षी होती. तशीच चार भोकं आणि तशाच पाकळ्या असलेली दोन चाकं त्यांनी संध्याकाळपर्यंत शोधून काढली, घरी आणवली, आणि जुन्या चाकाशेजारी ठेवून बायकोला ओळखायला लावली. बाईंना ओळखता आली नाहीत. दोघंही खूष झाली.

कोपऱ्यावरचा पंक्चरवाला जॅक घेऊन आला. भला दांडगा माणूस होता आणि त्याच्या तोंडी एकच शब्द असे. चाकाकडे बघून तो म्हणाला, “बसेल.” चाकामागच्या चकतीतून बाहेर आलेला एक बोल्ट भोकात गेला. शेजारचा गेला. तिसरा मात्र भोकाच्या तोंडाशी येऊन थांबला. पंक्चरवाल्याने चाक फिरवून पाहिलं, लाथ मारून पाहिली, मग दुसरं चाक घेतलं. पुन्हा तेच. तो उठून उभा राहिला आणि नुसता बघत राहिला. त्याच्याकडे न बसण्यासाठी शब्दच नव्हता.

बाईंनी दवाखान्यातून बारीक मापं घ्यायचं हत्यार आणलं. समोरासमोरच्या दोन भोकांमधलं अंतर जुन्या चाकात मोजलं, मग नव्या चाकात. फरक निघाला तो फक्त दोन मिलिमीटरचा.

त्या तिथेच, रस्त्याच्या कडेला बसल्या. दोन मिलिमीटर म्हणजे काय हे त्यांच्याइतकं कुणाला माहीत असणार? त्यांच्या धंद्यात दोन मिलिमीटरमध्ये माणूस रडतो. पण हे दात नव्हते. हे चिखलातून, खडीतून, शेणातून धावणारं लोखंड होतं, आणि त्यालाही इतकं नाजूक माप होतं. इतकी वर्षं आपण अशा चार नाजूक गोष्टींवर बसून फिरत होतो आणि आपल्याला पत्ताच नव्हता. त्यांनी वाकून उघड्या पडलेल्या चकतीकडे पाहिलं. ती गंजली होती, ब्रेकच्या काळ्या धुळीने माखली होती, आणि तिच्यातून बोल्टच्या चार खुंट्या वर आल्या होत्या. बाईंना तो जबडा वाटला.

“मी हिचं माप घेते,” त्या म्हणाल्या.

यजमानांना वाटलं त्या टेप आणणार. त्या घरात गेल्या आणि केक करायचं गोल भांडं, दातांचे ठसे घ्यायची गुलाबी पूड, पाणी आणि एक नवा टूथब्रश घेऊन आल्या. टूथब्रशने त्यांनी चकती घासली. खुंट्यांना व्हॅसलिन लावलं. पूड कालवून भांड्यात भरली आणि भांडं चकतीवर दाबून धरलं. पंक्चरवाला तोंडात बोट घालून बघत होता. शेजारच्या गच्चीत कपडे वाळत घालणारी बाई हातातला टॉवेल तसाच धरून उभी राहिली. ठसा धरेपर्यंत हलायचं नसतं, म्हणून कुणीच हललं नाही. बाई तर सवयीने गाडीला “झालंच हं, अगदी थोडं” असंसुद्धा म्हणाल्या.

भांडं निघालं तेव्हा आत गुलाबी लगद्यात चकतीची रेघ न् रेघ उमटली होती. त्यात प्लास्टर ओतलं आणि सकाळी बाईंच्या हातात गाडीच्या पायाचा पांढराशुभ्र पुतळा आला. त्या दवाखाना बंद ठेवून, यजमानांना घेऊन, रिक्षाने भंगारबाजारात गेल्या. पुतळा मांडीवर टॉवेलात गुंडाळून ठेवला होता. रिक्षावाल्याने बाळ समजून गाडी सावकाश चालवली आणि कुणाचीही गैरसोय नको म्हणून त्यांनी त्याला खरं सांगितलं नाही.

भंगारबाजाराच्या मागच्या अंगणात वळल्यावर दोघंही थबकली. समोर चाकांचा डोंगर होता. दोन मजली घराएवढा. ट्रकची, रिक्षांची, आलिशान गाड्यांची, नक्षीची, बिननक्षीची, गंजलेली, चकाकणारी, एकावर एक रचलेली. दुकानदार पेपर वाचत होता. कुठलं चाक कुठल्या गाडीचं हे विचारल्यावर तो म्हणाला की आलं तसं टाकत गेलो, तुम्हीच बघा. मग त्याने पाय वर घेतले आणि पुन्हा पेपरात शिरला.

बाई डोंगराच्या पायथ्याशी उभ्या राहिल्या. देवळात शिरल्यावर आवाज आपोआप खाली यावा तसा त्यांचा आवाज खाली आला. “अहो,” त्या हळूच म्हणाल्या, “यातलं प्रत्येक चाक कुठे ना कुठे नेमकं बसत होतं.” प्राध्यापकांनी साम्राज्यांच्या उदयास्तावर बरीच वर्षं व्याख्यानं दिली होती, पण हा डोंगर त्यांना नवा होता. त्यांनी बाह्या वर केल्या आणि ते चाकं उतरवायला लागले.

दुपारभर हे चाललं. प्राध्यापक चाक काढायचे, बाई पुतळा पुढे करायच्या. काही चाकं दिसायला अगदी तीच, पण मधलं भोक अरुंद. काहींचं भोक बरोबर, पण खुंट्या चुकायच्या. काहींना भोकंच पाच होती. पुतळ्याच्या एका खुंटीचा टवका उडाला तेव्हा बाईंनी असा सुस्कारा टाकला की दुकानदाराने पेपरातून डोकं वर काढलं. शेवटी, ऊन उतरायला लागल्यावर, डोंगराच्या मागच्या अंगाला, पाकळ्यांच्या नक्षीची दोन चाकं सापडली. बाईंनी पुतळा खाली ठेवला आणि चाक वरून अलगद सोडलं. ते आवाजसुद्धा न करता खाली गेलं आणि बसलं. चारही खुंट्या चार भोकांतून वर आल्या. मधल्या गोलात बोटाचं नखही शिरेना.

दोघंही किती तरी वेळ त्या चाकाकडे बघत बसली. प्राध्यापक म्हणाले की असं काही मी लग्नानंतर पहिल्यांदाच पाहतोय. नक्की काय म्हणायचंय ते बाईंनी विचारलं नाही.

शनिवारी पंक्चरवाल्याने दोन्ही चाकांवर जुने टायर चढवले, गाडीला चाकं लावली, आणि त्याचा शब्द त्याला परत मिळाला. “बसलं,” तो म्हणाला. बाई गाडीत बसल्या, गाडी फाटकातून बाहेर काढली, वळवली, आणि पुढून खर्रकन आवाज आला. सरळ जाताना काही नाही. वळलं की खर्र.

बाई उतरल्या. रडायच्या बेतात होत्या, पण हा आवाज त्यांच्या ओळखीचा होता. दातावर चढवलेली नवी कॅप नेमकी बसते, दिसते छान, आणि पेशंट घास चावायला गेला की वरच्या दाताला आपटते. अशा वेळी त्या पेशंटला निळा कागद चावायला देत. कागदाचा रंग जिथे उठेल तिथे दात टेकतो. त्यांनी पर्समधून निळ्या कागदाच्या पट्ट्या काढल्या, टायर आणि पत्रा यांच्यामध्ये चिकटवल्या आणि पंक्चरवाल्याला स्टिअरिंग फिरवायला सांगितलं. टायरच्या आतल्या कडेला निळी रेघ उमटली. उघडच होतं. चाकं याच कंपनीच्या थोरल्या गाडीची होती. खुंट्या त्याच, मधलं भोक तेच, पण रुंदी जरा जास्त. वळताना टायर आत टेकत होता.

दुसऱ्या दिवशी रविवार होता. भंगारबाजाराला सुट्टी होती. बाई फुटपाथवर बसून हातातल्या निळ्या पट्टीकडे बघत राहिल्या.

“पण,” प्राध्यापक चाचरत म्हणाले, “मागची चाकं वळतात कुठे?”

बाईंनी मान वर केली. पंक्चरवाल्यानेही केली. इतक्या दिवसांत प्राध्यापकांच्या तोंडून चाकांबद्दल निघालेलं हे पहिलं उपयोगी वाक्य होतं आणि त्याने ते स्वतःच दचकले होते. उजवीकडची दोन जुनी चाकं पुढे आणली, नवी दोन मागे लावली. मागे निळ्या पट्ट्या लावून गाडी खड्ड्यांतून नेली, तिघं मागे बसून नेली, करकचून ब्रेक मारले. पट्ट्यांवर एक ठिपका उठला नाही. गाडी बिनआवाजाची, लोण्यासारखी वळली. बाईंनी आपल्या नवऱ्याकडे अशा काही नजरेने पाहिलं की प्राध्यापकांनी चष्मा काढून पुसला.

रविवारी हॉस्पिटलच्या पायऱ्यांवर बाबांचा काळा चष्मा निघाला. ते पायरीवरच उभे राहिले. खूप वेळ उभे राहिले. मग लेकीकडे बघून म्हणाले, “चिमे, तुझे केस पांढरे झाले की गं.” चिमी हे बाईंचं घरातलं नाव. पुढे ते झाडाकडे बघत राहिले, मग जावयाच्या शर्टाच्या चौकड्यांकडे, मग आपल्याच तळहाताकडे. गाडीपाशी आल्यावर त्यांनी विचारलं की आपली गाडी कुठाय.

“ही काय, बाबा.”

“ही पांढरी आहे. आपली उन्हाने बदामी झालीय.”

बाईंनी सांगितलं की गाडी पांढरीच होती, कायमच पांढरी होती. बाबांनी बॉनेटवर हात ठेवला. इतकी वर्षं ज्या गाडीच्या जाणाऱ्या रंगाबद्दल ते हळहळत होते, तिचा रंग कुठे गेलाच नव्हता; पिवळेपणा मोतीबिंदूचा होता. त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं. मग त्यांनी फेरी घालायला सुरुवात केली. दार, आरसा, काच. बाईंनी यजमानांचं मनगट घट्ट धरलं. मागच्या डाव्या चाकापाशी बाबा थांबले. वाकले. मग चक्क उकिडवे बसले आणि बसूनच राहिले.

“बाबा,” त्यांनी सांगून टाकलं, “चाकं बदललीत. माझ्याच हातून वाकली.”

“हळू बोल,” बाबा म्हणाले. “टायरवर मुंगी चाललीय. मला तिचे पाय दिसतायत. सहाच्या सहा. ये, बघ.”

बाई त्यांच्याशेजारी बसल्या. पलीकडून प्राध्यापक वाकले. तिघांची डोकी चाकापाशी एकत्र आली. टायरच्या खाचेतून एक मुंगी कणभर पांढरं काहीतरी घेऊन चालली होती. प्राध्यापकांना तिचे पाय दिसले. बाईंना एक काळा ठिपका सरकताना दिसला. त्यांनी डोळे बारीक केले, मान मागे घेतली, पुढे केली. ठिपका तो ठिपकाच राहिला.

बाबा आता मुंगीकडे बघत नव्हते. आपल्या नव्या कोऱ्या डोळ्यांनी लेकीकडे बघत होते.

“तुला पाय दिसत नाहीत?”

“दिसतायत की,” बाई म्हणाल्या. “म्हणजे, असतील तिथे.”

बाबा गुडघ्यांवर हात ठेवून उठले. त्यांनी लेकीच्या हातातली किल्ली काढून घेतली, ती जावयाच्या हातात दिली, आणि डॉक्टर आत अजून बसलेत का ते बघून यायला सांगितलं. डॉक्टर निघून गेले होते. लेकीसाठी सोमवारची वेळ घेतली. मग बाबा पुढे जावयाशेजारी बसले आणि डॉक्टरबाई मागच्या सीटवर, नव्या चाकांच्या बरोबर वर, जाऊन बसल्या. गाडी फाटकातून वळली. त्यांनी कान देऊन ऐकलं. कसलाही आवाज नव्हता.