एन्झोकाका रोज मरतात

इंग्लंडमधल्या मेडनहेडच्या घरात राहायला गेलो, त्या पहिल्याच सकाळी शेजारचा म्हातारा माझ्या डोळ्यांदेखत मेला. मी कचऱ्याचा बिन बाहेर काढत होतो. त्याने छाती धरली, कुंपणाचा आधार घेतला आणि गुलाबांत आडवा झाला. अँब्युलन्ससाठी नाइन-नाइन-नाइन लावणार, एवढ्यात एक डोळा उघडून तो म्हणाला, "कसा मेलो?"

हे आमचे एन्झोकाका. तरुणपणी इटलीत सिनेमे लिहायचे आणि त्यांतच कामंही करायचे. तुम्ही त्यांचं नाव ऐकलं नसेल. इटलीतही फारसं कुणी ऐकलेलं नाही. काका विषाने मेले, गोळीने मेले, एकदा तर चर्चची घंटा डोक्यात पडून मेले. मध्यंतरापर्यंत म्हणून कधी पोचले नाहीत.

"पटकथा माझीच ना," ते ऐटीत सांगतात. "हिरोला हिरॉइन दिली, मरण मला ठेवलं."

टीव्हीवर कुणी मेलं की त्यांचं डोकं फिरतं. "श्वास दिसतोय! याला मरायला शिकवलं कुणी?" एकदा सुपरमार्केटात टोमॅटोच्या डब्यांपाशी मेले, तेव्हा मॅनेजर पांढराफटक पडला. माझी बायको सुजाता शेवटी कडाडली, "काका, एक दिवस खरंच जाल आणि आम्ही टाळ्या वाजवत बसू!"

"ब्राव्हो! हा सीन मी लिहितो," काका म्हणाले.

म्हातारपणाची हौस, असं म्हणून मी सोडून दिलं होतं. मग एका रविवारी त्यांची टॅक्सी आली नाही, म्हणून मी त्यांना गाडीतून केअर होमला सोडायला निघालो. तिथे त्यांची बायको असते, हे मला शेजारी राहून दोन वर्षांत कळलं नव्हतं! माझी मलाच लाज वाटली.

"रोझा सेटवर असिस्टंट होती," काका गाडीत म्हणाले. "आता तिला काही आठवत नाही. मीसुद्धा नाही. पण मी मेलो, की ती 'कट' म्हणते. मग हसते, म्हणते, 'एन्झो, ऊठ.' आठवड्यातून तेवढंच माझं नाव घेते. म्हणून रोज तालीम. वाईट मेलो, तर ओळखणार नाही."

मी गाडी केअर होमच्या दारात लावली आणि त्यांच्याबरोबर आत गेलो.

रोझाबाई खिडकीशी बसल्या होत्या. काकांनी छाती धरली, खुर्चीला धरून दोन पावलं टाकली आणि त्यांच्या पायांशी कोसळले. इतकं सुरेख मरण मी त्यांचंही पाहिलं नव्हतं.

रोझाबाईंनी खाली पाहिलं. मग माझ्याकडे वळून इंग्रजीत, अगदी अदबीने विचारलं, "हे गृहस्थ कोण?"

मी घाईने वाकून काकांच्या खांद्याला हात लावला.

"थांब," डोळे न उघडता ते पुटपुटले. "म्हणेल ती."

मी त्यांच्या शेजारी कार्पेटवर बसलो. चहाची ट्रॉली येऊन गेली, तरी आम्ही तिथेच होतो.