मिशी फुटेपर्यंतची राणी

बायकांच्या साडीला नावं ठेवणारा आणि तरी मार न खाणारा पुरुष आमच्या जामबाग मोहल्ल्यात एकच, शेजारचे कंधारकर आप्पा. ऐंशी वर्षांचा हा म्हातारा बँकेतल्या बाईलाही सोडत नाही. "पदर ओढू नका हो, पडू द्या. ओढलेला पदर कॅमेऱ्यात दोरीसारखा दिसतो."

पोरवयात आप्पा मूकपटांत राण्या व्हायचे. तेव्हा चांगल्या घरच्या बाया कॅमेऱ्यापुढे जात नसत, म्हणून गोऱ्यागोमट्या पोरांना लुगडी नेसवत. पुढे सिनेमा बोलायला लागला. "पण मला बोलपटानं नाही मारलं," आप्पा सांगतात, "मिशीनं मारलं." रिळं कधीच जळून गेली, त्यामुळे खरंखोटं करायची सोय नाही. हल्ली गल्लीत केबल आली आहे. आप्पा त्यातल्या नाचणाऱ्या पोरी बघतात आणि म्हणतात, "नेसलंच नाही, तर चुका कशाच्या काढू?"

स्वतःचं कौतुक सांगायला आप्पांना कधी कंटाळा येत नाही. ऐकणाऱ्याला येतो.

यंदा त्यांच्या नातीचा साखरपुडा ठरला. मुलगा पुण्याचा, कॉम्प्युटरवाला. पण आजी, म्हणजे माई, खोलीबाहेर यायला तयार होईनात. अर्धांगानं त्यांचा डावा हात गेलेला. सुनेनं सुलतान बाजारातून भारी गाऊन आणला.

"व्याह्यांसमोर गाऊन? मला नक्को," माई म्हणाल्या. "लुगडं नेसवा, नाहीतर मी नाही म्हणून सांगा."

सुनेला पिनांशिवाय साडी येत नाही. मला बोलावलं. मी जन्मभर गोल साडीवाली. कासोटा घातला, तो माईंनी पाऊल टाकताच सुटला. बाहेर पाहुणे आलेले. माई भिंतीकडे तोंड करून बसल्या. नात रडायला लागली.

आप्पांनी सगळ्यांना बाहेर काढलं आणि दार लावलं. माईंना धरायला मला ठेवलं. मग म्हातारा गुडघ्यावर बसला. निऱ्या, ओचा, कासोटा, हात कुठे अडला नाही.

"ऐंशीचे झालात, लाज नाही," माई डोळे मिटून म्हणाल्या.

"हलू नको. राणी हलत नसते."

"बाहेर सांगू नका हो. नवऱ्यानं नेसवलं म्हणतील."

आप्पांनी पदर खांद्यावर सोडून दिला. मला वाटलं, झालं, आता बाहेर जाऊन तासभर मूकपट ऐकवणार.

माई बाहेर खुर्चीत येऊन बसल्या, तशी मुलाची आई म्हणाली, "किती चापूनचोपून नेसवलंय! आमच्याकडे आता कुणालाच येत नाही. कुणी नेसवलं?"

सगळी खोली आप्पांकडे बघायला लागली. अशी संधी त्यांना साठ वर्षांत मिळाली नसेल.

"ह्या वहिनींनी," माझ्याकडे बोट करून आप्पा म्हणाले. "त्यांचा हात फार चांगला आहे."

माझ्याच निऱ्या तेव्हा एका बाजूला लोंबत होत्या.

"हौ, मीच," मी म्हणाले.